गोष्टॉन आणि राधाकिसनची म्हैस

राधाकिसनच्या कादंबरीत सात जगं होती, आणि त्यातलं एकही जग इलेक्ट्रॉनवर चालत नव्हतं. तिथे सगळ्याच्या मुळाशी 'गोष्टॉन' नावाचा, इलेक्ट्रॉनहूनही बारीक कण होता. तो जिथे साचतो तिथे माणसाला हवं ते घडत नाही. गोष्टीला हवं तेच घडतं. बदनापूरच्या सरकारी कचेरीत आवक-जावक सांभाळणाऱ्या कारकुनाला हे ब्रह्मज्ञान कुठून झालं, असं कोणी विचारलं नव्हतं, कारण त्याने ते गावात कोणाला सांगितलंच नव्हतं. फक्त बायकोला, वच्छलाबाईला ठाऊक होतं. तिच्या मते असला कण असलाच तर तो नवऱ्याच्या डोक्यातच होता.

त्या साली, चौऱ्याण्णवच्या दिवाळीनंतर एका दिवशी, पुण्याच्या एका कादंबरी स्पर्धेची मुदत संपत होती. हस्तलिखित त्या दिवशी पाचच्या आत पोस्टात पडायला हवं होतं आणि शेवटचं प्रकरण अजून कोरं होतं. तीन प्रकाशकांनी कादंबरी परत धाडताना एकच शेरा मारला होता, 'काही घडत नाही.' तेव्हा शेवटी तरी काहीतरी घडवणं भाग होतं, आणि त्यासाठी रजा हवी होती. रजेच्या अर्जांतून त्याची आजी आधीच दोनदा वारली होती. म्हणून त्याने कचेरीतला शिपाई, शेजारचा संपत, याच्या हाती चिठ्ठी दिली : 'म्हैस विहिरीत पडल्यामुळे येऊ शकत नाही.'

"अवो, खोटं बोलायचं तं बारीक बोला की," वच्छलाबाई म्हणाली. "म्हैस काय लहान हाय?"

"अगं, बारीक खोटं जल्दी सापडतं," असं म्हणून राधाकिसन कागद घेऊन माळवदावर चढला.

अकरा वाजता वच्छलाबाईने खालून हाक मारली. "खाली या! विहिरीवर जत्रा भरलीय."

झालं होतं असं, की साहेबांचं घराणंच मुळात गुराढोरांतलं. चिठ्ठी वाचताच त्यांनी कचेरीची जीप काढली, दोर घेतला आणि संपतला पुढे बसवला. संपतने वाटेत दिसेल त्याला बातमी दिली. आता घरामागच्या मळ्यातल्या विहिरीत चाळीसेक माणसं वाकून बघत होती.

"बुडाली वाटतं," शेजारचा कडूबा सदरा काढत म्हणाला.

म्हैस गोठ्यात रवंथ करत होती. राधाकिसन घाईघाईने खाली उतरला.

"काढली म्हणून सांगा, अन् चहा पाजून लावा वाटंला," वच्छलाबाई म्हणाली.

"विहिरीतून कोरडी ठाक म्हैस निघाली म्हणू?"

"मंग वली करा की!"

राधाकिसनने दोन बादल्या म्हशीवर ओतल्या. त्या म्हशीला आजवर वच्छलाबाईखेरीज कोणी हात लावला नव्हता. ती बिथरली, खुंटा उपटला आणि गोठ्याबाहेर सुसाट सुटली.

"आली! वर आली!" कोणीतरी ओरडलं.

मदतीला आलेल्या माणसाला मदत केल्याशिवाय राहवत नाही. चाळीस जण तिला अडवायला तीन बाजूंनी धावले. चौथ्या बाजूला विहीर होती.

मोठा धप्प आवाज झाला.

"पुन्हा पडली," कडूबा म्हणाला.

"राधाकिसन, हिला खोडच हाय वाटतं," असं म्हणत साहेबांनी पँट गुडघ्यापर्यंत वर दुमडली.

म्हशीच्या पोटाखालून दोर घालायला मालकालाच उतरावं लागलं. गळ्याएवढ्या पाण्यात राधाकिसनला शेवटचं प्रकरण लख्ख सुचलं, पण कागद माळवदावर होते. म्हैस वर आली तेव्हा साडेपाच झाले होते. तिला खरचटलंसुद्धा नव्हतं. राधाकिसनचा अंगठा मात्र तिने तुडवला होता. पोस्ट बंद झालं होतं. म्हशीने झटकलेल्या पाण्याने नखशिखांत भिजलेले साहेब ओसरीवर बसून भाकर खात होते आणि सारखे म्हणत होते, "नौकरीचं काय, जनावर वाचलं पायजे."

ते राधाकिसनला फार लागलं. असल्या भल्या माणसाला फसवल्याची त्याला मनापासून लाज वाटली. दुसऱ्या दिवशी कचेरीत पाय ठेवताच तो लंगडत साहेबांपुढे जाऊन उभा राहिला.

"साहेब, काल चिठ्ठी दिली तवा म्हैस गोठ्यातच होती. मी कादंबरी लिहून राह्यलो होतो. पाच वर्सं झाली. गोष्टॉन म्हणून एक कण असतो..."

आणि त्याने सातही जगं सांगितली. साहेबांनी ऐकून घेतलं आणि चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"राधाकिसन, म्हैस मी ह्या हातानं वढली. माझी पँट अजून वली हाय. अन् तू म्हणतो म्हैस पडलीच न्हवती, तू कादंबरी लिहीत होता?"

"बिलकुल खरं हाय, साहेब."

"तुझी आजी दोनदा वारली, तवा मी काही बोललो का? न्हाई. पण बाबा, सांगायचं तं जरा पटंल असं सांगत जा."

एवढं बोलून त्यांनी चिठ्ठीवर 'कारण खरे आहे. रजा मंजूर' असं लिहिलं आणि खाली सही केली.

राधाकिसन आपल्या जागेवर येऊन बसला. कादंबरी चौथ्यांदा परत आली होती, आणि या खेपेला तर ती पोस्टातसुद्धा पडली नव्हती.