क्लेमचं कार्ड काही केल्या निघेना

मला कुणी गंडवू शकत नाही! बढाई नाही मारत, यॅलमूकमध्ये कुणालाही विचारा. गेली सव्वीस वर्षं दर शुक्रवारी आमच्या क्लबातली मटणाची सोडत मी चालवते. चापांचे ट्रे, सॉसेजच्या माळा, ख्रिसमसला अख्खं हॅम. पिंप मी फिरवते, तिकीट मी काढते. एकदा खुद्द अध्यक्षांनी, म्हणजे स्नो ग्रिगने, बाहीत तिकीट दडवलं होतं, तर त्याची बाही चारचौघांत मी झटकली होती! तेव्हा नशिबाचा धंदा कसा चालतो, हे मला कुणी शिकवू नये.

म्हणून तोच स्नो जेव्हा सांगायला लागला की, टीव्हीवर खेळायच्या नव्या फुटीच्या, म्हणजे आमच्या इथल्या फुटबॉलच्या, खेळात बंद पाकिटं विकतात, पाच-पाच डॉलरला, आत कोणत्या खेळाडूंची कार्डं आहेत ते फोडल्याशिवाय कळत नाही आणि लोक त्यात पगार उडवतात, तेव्हा मी म्हटलं, "गाढवं आहेत! सोडतीत निदान मटण तरी मिळतं. यात हाताला काय लागतं? चित्र!"

"ते खरं गं," स्नो म्हणाला, "पण त्यात आपला क्लेम आहे म्हणे. मोठ्या लीगमध्ये आजवर जो जो उतरला, त्या प्रत्येकाचं कार्ड काढलंय त्यांनी."

झालं!

क्लेम नॉस्के म्हणजे माझा नवरा. जन्मभर धान्याच्या कोठारावर काम केलं, ती सगळी धूळ छातीत भरून घेतली आणि आता आमच्या पुढच्या खोलीत, भाड्याच्या लोखंडी पलंगावर, नाकात नळी घालून पडला होता. हॉर्शमच्या डॉक्टरांनी सहा आठवडे सांगितले होते. क्लेमने विचारलं, "म्हणजे यंदाची फायनल बघतो का मी?" डॉक्टर आपल्या बुटांकडे बघत बसले.

तर हा क्लेम चौऱ्याहत्तर साली, विसाव्या वर्षी, मेलबर्नच्या मोठ्या लीगमध्ये एक मॅच खेळला. एकच! अठरा जणांच्या संघात एकोणिसावा, म्हणजे राखीव, म्हणून बाकावर बसला होता. शेवटच्या पाळीत कुणाचा तरी गुडघा गेला आणि ह्याला आत पाठवलं. सतरा मिनिटं. त्या सतरा मिनिटांत ह्याने एक किक मारली, डाव्या पायाने, आणि त्या किकवर पुढे उभ्या गड्याने गोल केला. पुढच्या आठवड्यात ह्याला घरी पाठवलं. पण ती किक! लग्नाला पंचेचाळीस वर्षं झाली, ती किक मी लग्नात ऐकली, बारशात ऐकली, माझ्या आईच्या मयताच्या जेवणातसुद्धा ऐकली. गावातल्या कुणीच ती पाहिली नव्हती आणि सगळ्यांना ती पाठ होती.

मी ठरवलं. ह्याने डोळे मिटायच्या आत ह्याचं कार्ड ह्याला दाखवायचं!

"क्लेम, तुझं कार्ड निघालंय बाजारात," मी सांगितलं. "मी मिळवून देणार."

तो म्हणाला, "राहू दे गं. कशाला तो खर्च?"

बघा! ताकाला जाऊन भांडं लपवतोय! मी म्हटलं, "लाजतोस काय रे म्हाताऱ्या? मनातून उकळ्या फुटताहेत तुला."

"नको म्हणतोय ना."

"असू दे, असू दे."

स्नोने आपलं खेळायचं मशीन आणून टीव्हीला जोडून दिलं. सुरुवातीलाच मशीनने विचारलं, हलकी कार्डं आपोआप मोडीत काढू का? माझ्या घरात अडगळ कधी राहत नाही. मी लगेच हो म्हटलं.

पहिलं पाकीट फोडलं तर आतून सोन्याचं कार्ड! मशीन फटाके उडवायला लागलं, बँड वाजायला लागला. नोएलीन, आमची शेजारीण, टाळ्या पिटत उठली. "वर्ना, अगं, हा सगळ्यात मोठा! ह्याच्यासाठी लोक जीव टाकतात!"

"हा क्लेम आहे का?"

"नाही."

"मग फटाके कशाला?"

दहा पाकिटं झाली, वीस झाली. क्लेम नाही. नोएलीन म्हणाली, आता पुरे. मी तिला समजावलं, "अगं, साधा हिशेब आहे. सोडतीत काढलेलं तिकीट पुन्हा पिंपात टाकतो का आपण? नाही. म्हणजे पिंप रिकामं होत जातं. जितकी पाकिटं फोडू तितका क्लेम जवळ येणार." नोएलीनला ते पटलं. मलाही पटलं. सव्वीस वर्षांचा अनुभव होता हो!

आणि रोज काहीतरी विघ्न! एकदा मशीनची वायरच भिंतीतून निघालेली. दुसऱ्या दिवशी पुन्हा निघालेली. मी कुत्र्याला दोन दणके घातले. मग रिमोट गायब झाला, तो क्लेमच्या उशीखाली सापडला. "चुकून आला असेल," क्लेम म्हणाला. संडासला न्यायला ज्याला दोन माणसं लागत होती, त्याच्या उशीखाली रिमोट चालत कसा गेला, हे काही मला सुचलं नाही. मला एवढंच वाटलं, बिचारा रिमोट कवटाळून झोपतोय, इतकी आस लागलीय त्याला! मी जाऊन आणखी दहा पाकिटं घेतली.

शुक्रवारी सोडतीच्या वेळी मी माइकवरच सांगून टाकलं, "क्लेमचं कार्ड मिळेना. ज्याच्या घरी मशीन असेल त्याने हातभार लावा." आमचं गाव म्हणजे काय विचारता! आठ मशीनं निघाली, त्यात एक नोएलीनच्या घरचं. स्नोने तर नवीन विकत घेतलं. लोक कोठारावरून सुटले की पाकिटं फोडायला बसत. तीन आठवडे हेच चाललं होतं. भेटलं की विचारायचं, "निघालं?" "नाही गं, अजून नाही." स्नोने जाहीर केलं की कार्ड निघालं की क्लबातल्या मोठ्या पडद्यावर दाखवायचं, आणि केकची ऑर्डरसुद्धा देऊन टाकली.

क्लेम मात्र उतरत चालला होता. जेवण सुटलं. मी चमचा पुढे केला की म्हणायचा, "सांग ना त्या सगळ्यांना, थांबा म्हणावं."

"तू गप्प बस. तुझ्यासाठी करताहेत."

"म्हणून तर सांगतोय!"

मला वाटलं, किती हा भिडस्त माणूस.

गुरुवारी दुपारी लितिया आली. ही आमच्याकडे येणारी नर्स, मूळची फिजीची, पोरीचे हात फार हलके. क्लेमची नळी बदलली, त्याला झोप लागली, तशी ती माझ्याशेजारी सोफ्यावर बसली. मी नव्वदावं पाकीट फोडत होते.

"मावशी, पिंप रिकामं होत नाही ह्यात," ती हळूच म्हणाली. "प्रत्येक पाकिटाला पिंप पुन्हा भरतं. माझा भाऊ ह्याच नादात गाडी विकून बसला."

"म्हणजे मी जवळ येत नाहीये?"

"नाही. आणि मोडीत काय काय गेलं ते बघितलंत का?"

"कचऱ्याची बादली कशाला उपसू मी?"

तिने रिमोट घेतला, दोन बटणं दाबली. पडद्यावर यादी आली. तिने बोटाने दाखवलं, "हे काकाच ना? सगळ्यात हलक्या कार्डांत आहेत. अकरा वेळा आलेत, दिसायच्या आतच मोडीत गेलेत."

अकरा वेळा! काखेत कळसा आणि गावाला वळसा! मी सोन्याच्या कार्डांत शोधत होते हो. आमचा क्लेम हलका असेल हे माझ्या डोक्यातच आलं नाही. त्याच्या उशाशी बसून, त्याच्या देखत, त्याला मी अकरा वेळा मोडीत घातलं होतं!

लितियाने ती मोडीची खूण काढून टाकली. मी एक पाकीट फोडलं. पहिलंच कार्ड, क्लेम!

कुठल्या तरी जुन्या गटफोटोतून कापलेलं चित्र. शेजारच्याचा अर्धा खांदा तसाच राहिलेला. केस मानेवर, दात सगळे जागेवर, आणि असा हसतोय! मला भेटायच्या पाच वर्षं आधीचा क्लेम. मला रडूच फुटलं. इतका देखणा होता मेला, कधी बोलला नाही.

मग मी डोळे पुसून खालचं वाचलं. दर्जा, अडतीस. सामने, एक. झेल, शून्य. हाताने पास, शून्य. किक, शून्य.

पुन्हा वाचलं. चष्मा पुसून वाचलं. शून्य.

लितिया रग्बीवाली, तिला आमच्या फुटीतलं फारसं कळत नाही. तिने विचारलं, "शून्य म्हणजे चांगलं का, मावशी?"

मी पलंगाकडे पाहिलं. तो झोपला होता, तोंड उघडं, छाती भात्यासारखी वरखाली. वायर कुत्र्याने काढली नव्हती. दोन माणसांचा आधार लागणारा माणूस एकटा उठून भिंतीपर्यंत गेला होता, दोनदा, नळीसकट. मरणाला तो भीत नव्हता. तो ह्या कार्डाला भीत होता, आणि मी गावभर माइकवरून त्याच्या मागे आठ मशीनं लावली होती. मला माझ्याच थोबाडीत मारून घ्यावंसं वाटलं.

"लितिया," मी म्हटलं, "तू काही पाहिलं नाहीस."

"नाही पाहिलं, मावशी."

शुक्रवारी क्लबात गेले. केक आला होता, त्यावर क्लेमच्या जुन्या संघाचे पट्टे. मी माइक हातात घेतला आणि ठणकावून सांगितलं, "ऐका! ती पाकिटं म्हणजे शुद्ध लबाडी आहे. क्लेमचं कार्ड त्यात नाहीच. आजपासून कुणी एक सेंट घालवायचा नाही!"

मला वाटलं, लोक हळहळतील. पण सगळे एकदमच बोलायला लागले.

"नाहीच मुळी! मी तेच म्हणत होतो!"

"आमच्याकडेही नाही निघालं बुवा!"

"छापायलाच विसरले असतील," स्नो म्हणाला आणि केक कापायला लागला. माझ्याकडे बघेचना.

नोएलीनला तर मी विचारलंही नव्हतं. "माझ्याकडेही नाही हो, वर्ना," ती म्हणाली, चापांच्या ट्रेशी बोलल्यासारखी. ही नोएलीन जन्मात खोटं बोललेली नाही.

तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. सगळ्यात हलकं कार्ड! आठ मशीनं, तीन आठवडे! प्रत्येकाला ते पहिल्याच दिवशी मिळालं असणार. प्रत्येकाने शून्य वाचलं असणार, आणि एकानेही दुसऱ्याला सांगितलं नाही. वर, थांबलो तर वर्नाला संशय येईल म्हणून तीन आठवडे बिचारे खिशातले पैसे घालून पाकिटं फोडत बसले! स्नोने त्यासाठी नवं मशीन चालू ठेवलं. मी सोडत उरकली. लक्ष इतकं उडालं होतं की एकाच ट्रेवर दोन नंबर पुकारले, तर दोघांनीही मुकाट ट्रे सोडून दिला.

घरी आले तेव्हा उजेड होता अजून. क्लेम जागा होता. तो त्यानंतर चारच दिवस होता, आणि नीट बोलला तो तेव्हाच शेवटचा.

"निघालं का?"

"छे! लबाडी आहे सगळी. तुझं कार्ड त्यात नाहीच."

तो माझ्याकडे बघत राहिला. "वर्ना, शिळं मटण ताजं म्हणून पुकारतेस ना, तेव्हा तुझी हनुवटी अशीच वर जाते."

मी केकची ताटली खाली ठेवली.

"किती लिहिल्यात?" त्याने विचारलं. आवाज पार बारीक.

"एक," मी म्हटलं. "डाव्या पायाची."

त्याने डोळे मिटले. मला वाटलं, झोपला. मग पांघरुणाखालून हात आला, माझी बोटं चाचपून धरली.

"एक," तो म्हणाला. "बरोबर आहे."

"आहेच मुळी."

"वारा समोरून होता. ते लिहिलंय का?"

"लिहिलंय की!" मी म्हटलं. "मोठ्या अक्षरांत."