पाचव्या रिळातला शिपाई

राधेलालभाऊंनी आमच्या तंबूत सिनेमा कधी पुरता पाहिला नाही. चार रिळं होईपर्यंत ते बाहेर फुटाणे खात उभे राहत. पाचवं लागलं की कोट झटकून आत येत, मिनिटभर पडद्याकडे पाहत आणि सरळ स्टेशनची वाट धरत.

मी तेव्हा गोंदियाला फिरत्या टॉकीजचा ऑपरेटर होतो. नागपूरहून नव्या सिनेमाची पेटी आली नाही की मालक स्वतःजवळची एकुलती एक जुनी राजाराणीची फिल्म लावत. तिच्यात राधेलालभाऊ शिपाई होते. धावत विहिरीपाशी यायचं, "पळा! शत्रू वेशीत आला!" असं ओरडायचं आणि डावीकडे निघून जायचं. मुंबईला सिनेमा कंपनीत सात वर्षं काढली, पण तोंड दिसेल असं काम हे एवढंच. बाकी सगळीकडे ते भाल्यामागे.

आता ते रेल्वेनं तासाभरावरच्या सालेकशाला विडीच्या तेंदूपत्त्याच्या ठेकेदाराकडे देखरेख करत. ऐट मात्र शिपायाची नव्हे, सेनापतीची. "आमी पोवार, धारच्या राजाचे. आमाले कोण तलवार शिकवते?" आभाळ भरून आलं की पत्ता तोडणाऱ्या बायकांना त्याच आवाजात हुकूम सुटे, "उचला! शत्रू वेशीत आला!" बायका हसत हसत वाळत घातलेला पत्ता उचलत.

तंबूत येताना धुतलेलं धोतर, डोक्याला तेल, भांग पाडलेला. मी चिडवलं की म्हणत, "आर्टिस्ट मानूस आहो बाबू, असातसा कसा येऊ?" आणि जाताना एकच सांगणं, "जपून चालव."

जपून कसली चालवतो! ती फिल्म नेमकी भाऊ पडद्याबाहेर जातात तिथेच तुटायची. तुटली की जोडताना एका बाजूच्या चारदोन चौकटी कापाव्याच लागतात. मला भाऊंची दया यायची. बिचाऱ्याच्या जन्माची एवढीच कमाई, तिला मी कात्री लावू? म्हणून मी दरवेळी त्यांना वाचवायचो आणि पुढे विहिरीवरच्या बायका पळतात, तिथलं कापायचो.

एका संध्याकाळी फिल्म पुन्हा तुटली. तंबूत शिट्ट्या सुरू झाल्या. मी कात्री उचलतोय तोच भाऊ मशीनपाशी आले.

"घाबरू नका," मी म्हटलं. "तुम्हांला धक्का लागू देत नाही. आजवर दरवेळी तुमच्यानंतरचंच कापलंय."

भाऊंचा चेहरा पडला. "कायले कापलं गा?" सेनापतीचा आवाज कुठल्या कुठे गेला होता.

त्यांनी फिल्मचं टोक दिव्यापुढे धरलं. सगळ्या बायका पळत होत्या. एक मात्र घागर कडेवर घेऊन उभी होती, शिपाई गेला त्या बाजूला पाहत.

"हे माही रुखमा," भाऊ म्हणाले. "त्या दिवशी बाया कमी पडल्या, मनून इले उभी केली. समद्या पळाल्या, अन हे येडी मी कोठं गेलो ते पाहून राहिली. साहेबानं मले लय झापलं." मग टोक खाली न ठेवता म्हणाले, "गावाले आलो अन त्याच साली तापानं गेली. फोटो नाही बाबू तिचा. पयले कितीक वेळ दिसे. आता पाहू पाहू म्हणेपर्यंत जाते. मले वाटलं, फिल्म जुनी झाली."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्या माणसाची बायको मी चारदोन चौकटींनी कापत आलो होतो, आणि तेही उपकार म्हणून.

त्या दिवसापासून मी सढळ हातानं शिपाई कापू लागलो. आधी त्यांचं डावीकडे धावणं गेलं, मग 'शत्रू वेशीत आला' गेलं, शेवटी 'पळा!'सुद्धा. विहिरीवरच्या बायका उगाच का पळत सुटतात, हे तंबूत कुणाला कळेना. भाऊ मात्र तेल लावून, भांग पाडून येतच राहिले.

एकदा मला राहवलं नाही. म्हटलं, "भाऊ, तुम्ही तर आता सिनेमात उरलाच नाहीत."

"मी तं इथं आहोच ना बाबू," पडद्यावरची नजर न काढता ते म्हणाले. "तिले राहू दे."