तोकुजी माकडाचा घाबरलेला बेडूक

जपानातल्या एका बांबूच्या जंगलात तोकुजी नावाचं माकड राहायचं. जपान कुठे आहे ते मास्तरांना विचारू नका पोरांनो, बिचारे नकाशा उलटा धरतील.

त्या जंगलात हलत्या चित्रांचा कारखाना होता. तिथली रीत अशी, की उडी मारायच्या आधीचा बेडूक आणि खाली पडलेला बेडूक मोठे चित्रकार काढणार. मधला, हवेतला, नवशिक्यांनी काढायचा. तोकुजी हवेतले बेडूक काढायचा. कागदांची चळत अंगठ्याने फर्रकन सोडली, की बेडूक असा उडायचा, की बघणारा दोन पावलं मागे सरकायचा.

झालं. इतकं छान काढतो म्हणून त्याला दिग्दर्शक केलं. आणि दिग्दर्शकाने चित्र काढणं बरं दिसत नाही, म्हणून पेन्सिल काढून घेतली.

आता तो बैठकांना बसायचा. गळ्यात मफलर घालून, लांब कुठेतरी बघत फोटो काढून घ्यायचा. हुकूम त्याने एकच सोडला, "ज्याचा बेडूक माझ्यासारखा उडणार नाही, त्याला घरी पाठवा."

पण हात शिवशिवायचे. बैठकीत चहात बोट बुडवून टेबलावर बेडूक काढायचा. शिपाई येऊन पुसून टाकायचा.

शेवटी त्याने आजारपणाची रजा टाकली, मफलर खुर्चीवर ठेवला, गवताच्या मिशा लावल्या आणि आपल्याच कारखान्यात नवशिक्या म्हणून भरती झाला.

काय बेडूक काढला म्हणता. हवेत मधेच थांबायचा, खाली बघायचा, घाबरायचा आणि मग पडायचा. तोकुजीला आखूड शेपटीच्या टोकापर्यंत गुदगुल्या झाल्या.

तपासनीस होती ओरिन कोल्हीण. तिने चळत सोडून बघितली.

"काका, साहेबांचा बेडूक घाबरत नाही."

"वय झालं, की घाबरतो हो बाई."

"साहेबांपेक्षा तुम्हाला जास्त कळतं?"

तोकुजीने मिशा उपटल्या. "अगं, मीच साहेब."

ओरिनने त्याला नीट न्याहाळलं. "साहेबांच्या हातात पेन्सिल कुणी बघितलीय कधी? घरी जा काका."

तोकुजी बाहेर पडला. मिशांचं गवत चघळत नदीवर गेला आणि वाळूत बोटाने बेडूक काढत बसला. अजून तिथेच आहे. जेवायलासुद्धा हाक मारावी लागते.

कारखान्यात खुर्चीवर मफलर आहे. बैठका वेळेवर होतात. साहेब हल्ली फार समजूतदार झालेत, असं सगळे म्हणतात.

तात्पर्य: पोरांनो, काम कधी चांगलं करू नये, बढती मिळते. आणि झालीच चूक, तर मफलर तेवढा चांगला घ्यावा. पुढचं सगळं तो बघतो.