लुगुब्रियस साडी सेंटर

आजवर बायकोलाही सांगितलेलं नाही. कळमनुरीतल्या 'लुगुब्रियस साडी सेंटर' या पाटीला मी जबाबदार आहे.

दुकान किसनशेटचं. त्यांना अवघड इंग्रजी शब्दांचा भारी नाद. शब्द पेपरात भेटो की औषधाच्या खोक्यावर, दुसऱ्या दिवशी तो गिऱ्हाइकावर पडलाच. भाव करणाऱ्या बाईला म्हणायचे, "काहून एवढ्या गॅरुलस होऊन राहिल्या, मावशी?" गॅरुलस म्हणजे बडबड्या, पण मावशी बिचारी पदर कुठं फाटला का ते बघायची. कुणी शिंकलं की, "स्टर्न्युटेशन झालं, पाणी द्या!" एवढे शब्द कशाला, विचारलं तर म्हणे, "सर, शब्द असो की साडी, घडी मोडली पायजे. नुसता ठिवला की कसर लागती."

दुकान काढायच्या आधी त्यांनी मला गाठलं. मी हायस्कूलला इंग्रजी शिकवतो. "सर, लुगुब्रियस म्हंजे काय वो?"

चारचौघे बसलेले. 'माहीत नाही' म्हणायला जीभ उचलेना. शब्दात लुगडं ऐकू आलं, ठोकून दिलं, "भरजरी. एकदम थाटाचं."

पाटी लागली तेव्हा कुठं मी डिक्शनरी उघडली. अर्थ होता शोकाकुल, रडवेलं.

तेव्हापासून त्या रस्त्यानं मान खाली घालून जायचो. साड्या नांदेडहून आणायचो. बायकोला वाटायचं, नवरा हौशी आहे.

यंदा लेकीचं लग्न ठरलं आणि ती अडूनच बसली, बस्ता किसनशेटकडंच बांधायचा. बायका शालू बघण्यात गुंतल्या तसा मी गल्ल्याशी गेलो आणि एका दमात सगळं ओकून टाकलं.

शेटजी साडीची घडी घालत राहिले. "ठाऊक हाय, सर. पाटी लागली त्याच हप्त्यात कळलं. पेंटर ते नाव पुसायला बी आला होता."

"मग तशीच का ठेवली?"

"दुकान तुमच्या वहिनीनं मनात धरलेलं. शटर उघडायच्या आधीच गेली. मराठीत रडावं तर गिऱ्हाईक पळतं. इंग्रजीत रडलेलं कुणाला कळून राहिलं? आन् तिचं लुगडं बी आलं की त्यात."

कित्येक वर्षांनी छाती हलकी झाली. तेवढ्यात त्यांनी विचारलं, "उच्चार तरी बराबर हाय ना?"

खरा उच्चार लगूब्रिअस. त्यातून लुगडं निघून जातं.

"बराबर," मी म्हणालो.

अर्थ देऊन झाला. उच्चार मी अजून देणं लागतो.