चतुर्थीची पाऊणपट

बोटीवर माणसं चौदा होती, बोट चालवणारा रीस धरून. लाइफ जॅकेटं सोळा, बाकं सात, टॉयलेट एक, ओल्या अंगाचा कुत्रा एक, आणि या सगळ्यांच्या मधोमध, अरुणाताईंच्या मांडीवर, साबुदाण्याच्या खिचडीचा स्टीलचा मोठा डबा एक. याशिवाय अनुपच्या घशात अडकलेलं एक वाक्य होतं. घाबरला की अनुप मोजत सुटायचा, आणि आज तो कुत्र्याच्या पट्ट्यावरची भोकंही मोजून बसला होता.

घशातलं वाक्य असं होतं: "आई, बाबा, देवयानी आणि मी लग्न करतोय."

आई-बाबा, म्हणजे अरुणाताई आणि कमलाकरराव, पुण्याहून कार्डिफला येऊन तीन आठवडे झाले होते. अनुप तिथल्या युनिव्हर्सिटीत यीस्टवर संशोधन करायचा. सूक्ष्मदर्शकाखाली एकेका पेशीचा पिच्छा पुरवणारा हा मुलगा हे एक वाक्य मात्र तीन आठवडे पुढे ढकलत आला होता. किल्ला बघताना पाऊस होता, समुद्रावर वारा होता, आणि देवळात गेले तेव्हा बाबांची चप्पल सापडत नव्हती. परवा ते परत चालले होते. शेवटी देवयानीनंच सहल ठरवली. वाय नदीतून बोटीनं वर जायचं, दोन्ही काठांची झाडी बघायची, द्राक्षमळ्यात उतरून वाइन चाखायची आणि परत यायचं. बोटीतून कुणाला उठून जाता येत नाही, एवढा साधा हिशेब तिनं केला होता.

देवयानी बर्मिंगहॅमची, जन्मानंच. हॉस्पिटलात फिजिओथेरपिस्ट होती. मराठी ती आजीकडून फोनवर शिकली होती आणि त्या फोनमध्ये व्याकरणाचा बराच भाग तुटक ऐकू आला असावा. तिच्या मराठीत यच्चयावत सगळं पुल्लिंगी होतं.

"आज तू सांगणार," ती गाडी लावताना हळूच म्हणाली होती.

"परतीच्या वेळी. जाताना आईला बोट लागते का बघू दे."

"ओके. पण नाही सांगितलास तर मी सांगतो. मराठीत."

अनुपला इतकी स्पष्ट धमकी आजवर कुणी दिली नव्हती. तेवढ्यात अरुणाताईंनी त्याला बाजूला ओढलं. "अरे, ही पोरगी आपल्याला रोज कुठे कुठे फिरवते. पेट्रोलचं तरी काही देतोस की नाही तिला?"

मळ्याच्या धक्क्याला बोट लागली तेव्हा नदी काठोकाठ भरलेली होती. रीसनं सगळ्यांना ऐकू जाईल असं बजावलं. बारा वाजता बोटीवर. बारा म्हणजे बारा. ही नदी बघता बघता रिकामी होते, मग खाली फक्त चिखल. बरोबरचा निवृत्त शिक्षकांचा नऊ जणांचा गट मान डोलावून उतरला. कमलाकररावांनीही मान डोलावली, पण ती ऐकून घेतल्याची होती, पटल्याची नव्हे. अनुपला हा फरक तेव्हाच कळायला हवा होता.

पहिला ग्लास पुढे आला आणि अरुणाताई म्हणाल्या, "अहो, आज संकष्टी आहे."

कमलाकररावांचा हात ग्लासाच्या अलीकडे थबकला. एरवी वर्षातून दोनदा घेणारा माणूस, पण समोर आलेली वस्तू नुसती बघून परत पाठवणं त्यांना जमत नसे.

"द्राक्षं उपासाला चालतात," ते म्हणाले.

"द्राक्षं चालतात."

"मनुका चालतात. म्हणजे ताजं चालतं, सुकलेलं चालतं. मग मधल्या अवस्थेनं काय घोडं मारलंय?"

"आंबवलेलं चालत नाही."

"दही आंबवलेलंच असतं. दही तर तू स्वतः खातेस."

अरुणाताई अनुपकडे वळल्या. "तू शिकलायस ना यातलंच? मग सांग. त्या ग्लासात ते तुझं यीस्ट आहे का?"

इथे अनुपला खोटं बोलता आलं असतं. पण खरा आकडा माहीत असताना खोटा सांगायची त्याला सवय नव्हती. "तसं... शेवटी गाळून घेतात. ग्लासात यीस्ट जवळजवळ उरत नाही."

"झालं!" म्हणून कमलाकररावांनी ग्लास उचलला. त्यामागून आणखी चार. पोटात सकाळच्या चहाशिवाय काही नव्हतं.

पावणेबाराला अनुप म्हणाला, "बाबा, चला. बोट निघेल."

"आत्ता? आज तिथी कुठली?"

"चतुर्थी."

"चार पाऊण किती?"

"तीन. पण बाबा..."

"म्हणजे भरती तीनला. आत्ता बाराला पाणी चढतं असणार. त्या रीसला म्हणावं, निवांत बस." कमलाकरराव मूळचे हर्णैचे. तिथल्या बंदरात प्रत्येक पोराला हे सूत्र बोलता येऊ लागल्याबरोबर शिकवलं जाई. तिथीला पाऊणनं गुणायचं, येईल ती भरतीची वेळ. त्यांचे वडील, म्हणजे अण्णा, घड्याळ न वापरता होडी लोटायचे आणि कधी चुकले नव्हते.

"बाबा, हे हर्णै नाहीये."

"चंद्र तोच आहे ना? का इथे दुसरा लावलाय?"

या प्रश्नाचं शास्त्रशुद्ध उत्तर अनुपजवळ होतं, पण ते अकरा मिनिटांचं होतं. त्यानं ते मनात जुळवून तोंड उघडलं, तेव्हा समोरची खुर्ची रिकामी होती.

मळ्यात वेलींच्या एकसष्ट रांगा होत्या. अनुप पहिलीपासून सुरू झाला, देवयानी एकसष्टावीपासून. अरुणाताई धक्क्यावर उभ्या राहून सांगत राहिल्या, "त्यांना सोडून मी पाय ठेवणार नाही." रीसला हे कळायला भाषेची गरज पडली नाही. चौदा माणसं नेली तर चौदा परत आणायची, असा त्याच्याकडेही नियम होता. निवृत्त शिक्षक बाकांवर बसून घड्याळं बघत होते, तीही शाळेत उशिरा येणाऱ्या मुलांकडे बघावं तशी.

सव्वा वाजता पलीकडून हाक आली, "अनुप! काका सापडला!"

कमलाकरराव टोपी तोंडावर घेऊन, दोन वेलींच्या मधल्या गवतावर, शांत झोपले होते.

बोट निघाली तेव्हा धक्क्याच्या ज्या पायरीपर्यंत सकाळी पाणी होतं, तिच्याखाली आणखी नऊ दिसत होत्या. रीस कुणाशी बोलत नव्हता. पहिलं वळण गेलं, दुसरं गेलं. तिसऱ्या वळणावर बोटीच्या पोटाखालून ओल्या चादरीवर कुणीतरी बसावं तसा आवाज आला आणि काठावरची झाडं मागे सरकायची थांबली.

रीसनं इंजिन बंद केलं, किनाऱ्यावर फोन करून कळवलं आणि टोपी काढून ठेवली. "राइट," तो म्हणाला. "नाइन ओ'क्लॉक. इफ वी आर लकी." म्हणजे रात्री नऊला, पाणी परत चढेल तेव्हा. चिखल छातीपर्यंत होता. उतरून चालत जायचा प्रश्नच नव्हता.

तीन वाजता कमलाकररावांनी घड्याळ बघितलं, मग बाहेर बघितलं. नदीच्या जागी तपकिरी चिखलाचे दोन उतार होते आणि मधोमध पंच्यासारखी एक पाण्याची पट्टी. एक समुद्रपक्षी ती पायी ओलांडत होता.

"येईल," कमलाकरराव म्हणाले.

साडेतीनला ते काही म्हणाले नाहीत.

आणि मग अनुपनं आयुष्यातली एक अत्यंत अनावश्यक गोष्ट केली. त्यानं ते अकरा मिनिटांचं उत्तर दिलं. भरतीची लाट अटलांटिकमधून कशी येते, खाडीच्या निमुळत्या तोंडात तिला कसा उशीर होतो, किनाऱ्याच्या आकारावर सगळं कसं अवलंबून असतं. सगळं बरोबर होतं. प्रत्येक वाक्यागणिक बाबा बाकावर थोडे थोडे लहान होत गेले.

"म्हणजे अण्णा खोटं शिकवायचे, असं म्हण ना सरळ," ते शेवटी म्हणाले.

"तसं नाही बाबा, पण ते सूत्र सगळीकडे..."

"पुरे," अरुणाताई म्हणाल्या. "पास झालास तू. आता गप्प बस."

पाचच्या सुमारास शिक्षकांपैकी एका बाईंनी डब्याकडे बोट दाखवून अदबीनं विचारलं, की यात काय आहे. अरुणाताईंनी झाकण काढलं. मळ्यानं भेट दिलेल्या कागदी पेल्यांतून नऊ जणांना खिचडी वाटली गेली, रीसलाही गेली, आणि दाणे शोधत कुत्रा बाकांखालून फिरला. ज्यांना उपास नव्हता त्यांनी उपासाचं खाल्लं आणि ज्यांना होता ते दोघं बघत बसले, कारण चंद्र उगवायचा होता. तळाची चौघांपुरती खिचडी अरुणाताईंनी झाकून ठेवली.

देवयानी अनुपच्या शेजारी येऊन बसली. "परतीच्या वेळी म्हणालास."

"आत्ता? बाबांकडे बघ जरा."

"परतीचा वेळच चालू आहे, अनुप. साडेतीन तास झाला."

"त्यांचा मूड बघ. आत्ता सांगितलं तर दोन्ही गोष्टी त्यांच्या डोक्यात कायमच्या एकत्र बसतील. मी, तू आणि हा चिखल."

"उद्या पॅकिंग, परवा फ्लाइट. मग व्हिडिओ कॉलवर सांगणार?"

अनुप कुत्र्याच्या पट्ट्यावरची भोकं पुन्हा मोजू लागला. देवयानी उठली. रीसजवळ जाऊन तिनं काहीतरी विचारलं, आणि परत येऊन ती कमलाकररावांच्या बाकावर बसली. अनुपला वाटलं, आता सगळं संपलं. पोहता येतं की नाही याचा त्यानं विचार केला. पण पोहायला पाणीसुद्धा नव्हतं.

"काका, तुमचा फॉर्म्युला चुकला नाही."

"राहू दे, बाळ."

"नाही, ऐका ना. रीस म्हणतो, इथे आज हाय टाइड रात्री अकरा वाजता. तुमचा आन्सर तीन. डिफरन्स आठ. राइट? हर्णैला झीरो, इथे आठ. फक्त जागेचा नंबर ॲड करायचा राहिला."

कमलाकररावांनी मान वर केली.

"उद्या काय? पंचमी? पाच पाऊण किती होतो, काका? मला हा टेबल येत नाही."

"पावणेचार."

"प्लस आठ, पावणेबारा." तिनं मागे वळून विचारलं, "रीस! टुमॉरो नाइट?"

"जस्ट बिफोर मिडनाइट, लव्ह."

कमलाकरराव ताठ बसले. "आणि षष्ठीला साडेचार. अधिक आठ, साडेबारा. अगं, म्हणजे सूत्र तेच! मोजायला सुरुवात कुठून करायची, एवढाच फरक!" ते अरुणाताईंकडे वळले. "अण्णा कधी इथे आले नाहीत म्हणून. आले असते तर हा आठ त्यांनीच काढला असता."

"काढला असताच," अरुणाताई म्हणाल्या.

"आणि याला," त्यांनी अनुपकडे न बघता अंगठा केला, "एवढं मोठं भाषण देताना एक बेरीज सुचली नाही."

अनुपला हे नाकारता येईना. दुपारभर त्यानं बाबांची चूक का झाली हे सिद्ध केलं होतं. किती झाली, हे मोजलं नव्हतं.

"काका," देवयानी म्हणाली, "अजून एक सांगायचा आहे."

"देवयानी," अनुप उठला. "देवयानी, थांब."

"मी तुमचा सून होणार आहे."

शिक्षकांना शब्द कळले नव्हते, पण वर्गात कधी बोलायचं नाही हे त्यांना कळत होतं. कमलाकरराव देवयानीकडे वळले.

"तुमचा नाही," ते म्हणाले.

अनुपनं डोळे मिटले. मोजायलाही काही सुचेना.

"तुमची," कमलाकरराव म्हणाले. "सून स्त्रीलिंगी आहे. तुमची सून. म्हण."

"तुमची सून."

"होणार आहे."

"होणार आहे."

"हां. ते बरोबर होतं आधीही."

"अहो!" अरुणाताईंचा आवाज चढला. "व्याकरण काय सुधारताय? ती काय म्हणतेय ते ऐकलंत का?"

"ऐकलं, म्हणूनच सुधारतोय. उद्या चारचौघांत सांगेल ना ती."

अरुणाताईंनी आधी देवयानीकडे बघितलं, मग अनुपकडे. "आणि मी तीन आठवडे हिला पेट्रोलचे पैसे द्या म्हणतेय! तोंड नव्हतं तुला? घरची मुलगी काय म्हणत असेल मला!"

"मी नाही सांगितलो," देवयानी म्हणाली. "सॉरी, काकू."

"सांगितलं नाही," कमलाकरराव म्हणाले.

"काही नको हं तिला पिडायला आज," अरुणाताई म्हणाल्या, आणि डब्याचं झाकण पुन्हा एकदा घट्ट लावून त्यांनी तो देवयानीच्या मांडीवर ठेवला. "धर हा. मुलांवर भरवसा नाही माझा."

नऊच्या पुढे बोट हलली. शिक्षकांनी टाळ्या वाजवल्या, कुत्रा भुंकला. झाडीच्या वरून चंद्र डोकावला तेव्हा ते गावच्या धक्क्याला लागत होते. उतरल्यावर बाकीचे गाड्यांकडे गेले, पण कमलाकरराव धक्क्यावरच्या दगडावर बसले आणि अकरापर्यंत हलणार नाही म्हणाले. चौघांनी तिथेच, चंद्राला हात जोडून, एका डब्यातून उरलेली खिचडी खाल्ली. धक्क्याच्या खांबावर पाणी मोजायची पट्टी रंगवलेली होती. अनुप मोबाइलचा टॉर्च धरून उभा राहिला आणि देवयानी आकडे वाचत गेली.

चतुर्थीची पाऊणपट तीन, अधिक आठ, अकरा. पाणी चढायचं थांबलं ते अकरा वाजून तेरा मिनिटांनी. फरक तेरा मिनिटं.