दहा म्हणजे दहाच!

"मापाच्या बाबतीत मला कुणी शिकवायचं नाही!" नकाशेवाल्या काकांनी समोरच्या बिऱ्हाडातल्या शिक्षिकाबाईंना ठणकावून सांगितलं. उभा जन्म इमारतींचे नकाशे काढण्यात गेलेला. निवृत्त झाले तरी साबणाची वडीसुद्धा पट्टी लावून मधोमध कापायचे!

बेत मोठा होता. बायको लेकीच्या बाळंतपणाला गेली ती गेलीच. बाळ रांगायला लागलं तरी तिचा पाय निघेना. इकडे घर इतकं गप्प झालं होतं, की फ्रिज घरघरला तरी काका दचकून "काय म्हणालीस?" असं विचारायचे. आज संध्याकाळी ती एकदाची येणार होती. तिला तिसऱ्या, म्हणजे खाडीतले शिंपले, जीव की प्राण! तेव्हा तिसऱ्यांचं जेवण, आणि तेही अख्ख्या इमारतीला!

"पण तिसऱ्यांत निम्म्याहून जास्त वजन शिंपल्यांचंच असतं हो," शिक्षिकाबाई म्हणाल्या.

"ठाऊक आहे! पाच किलोंत जेमतेम किलोभर गर. आपल्याला गर हवा दोन किलो. म्हणजे शिंपल्यांसकट दहा. झालं!"

त्यांनी बंदरावरच्या घाऊक व्यापारीणबाईंना फोन लावला. पलीकडे बर्फ फोडण्याचा खडखडाट चालला होता.

"दहा पाठवा!"

"दहा? घरी कार्य आहे का?"

"कार्यच समजा! बायको येतेय!"

"दहाच्या दहा आजच?"

"दहा म्हणजे दहाच! एक कमी नाही, एक जास्त नाही!"

दुपारी दारात टेंपो उभा राहिला. हमालाने पहिली गोणी आणून टाकली. काकांनी अंदाज घेतला. बरोब्बर दहा किलो! ते खुशीत दार लावणार, तोच दुसरी आली. मग तिसरी. चौथीला त्यांनी दारात हात आडवा घातला.

"अहो, दहा किलो सांगितले होते!"

"किलो?" हमाल घाम पुसत म्हणाला. "घाऊकात किलो कोण बोलतं, साहेब? दहा म्हणजे दहा गोण्या!"

टेंपो निघून गेला. न्हाणीघर भरलं, बादल्या भरल्या, कपडे धुवायचं यंत्रही भरलं. तिसऱ्या जिवंत! टकटक करत उघडत होत्या, मिटत होत्या आणि मधूनच पिचकाऱ्या मारत होत्या. जिन्यात अफवा पसरली, की काका खाणावळ काढताहेत. खालचा इस्त्रीवाला तर स्वयंपाक्याची जागा मागायला येऊन उभा!

तेवढ्यात फोन वाजला. बायको!

"अहो, ऐका ना. बाळाला सर्दी झालीय. तिकीट रद्द केलंय. पुढच्या महिन्यात बघू."

काका मटकन स्टुलावर बसले. "हो, हो. बाळाला बघ," एवढंच म्हणाले.

"हा टकटक आवाज कसला?"

"कुठला? घड्याळाचा."

"घड्याळ पिचकारी मारतं का? इथपर्यंत ऐकू येतंय!"

मग सगळं सांगावंच लागलं. ती हसली. अशी हसली, की काकांनी फोन कानाला घट्ट दाबून धरला. तिकडून बाळ रडायला लागलं तरी तिचं हसू थांबेना. कितीतरी दिवसांनी त्या घरात तिचं हसू ऐकू आलं होतं.

"आता माणसं गोळा करा," ती म्हणाली. "ज्या उघड्या आहेत आणि टिचकी मारूनही मिटत नाहीत, त्या फेकून द्या. बाकीच्या वाफवा."

घराघरांतून पातेली आली. बायको फोनवरून हुकूम सोडत होती, शिक्षिकाबाई मीठ टाकत होत्या, इस्त्रीवाला वाफेत घामाघूम झाला होता. इमारत जेवली, मागची गल्ली जेवली. सगळे ढेकर देत घरी गेले, तरी काकांनी फोन ठेवला नव्हता.

"बाळाची सर्दी साधीच असेल ना गं?" त्यांनी हळूच विचारलं.

"साधीच आहे. पण लेक एकटी पडते हो."

"हो. तेही खरंच."

मग ती एकदम म्हणाली, "अहो, कपाटावरच्या खोक्यातलं माझं ते नवंकोरं, न चिकटणारं पातेलं नाही ना घेतलंत?"

काकांनी वर पाहिलं. खोक्याची चिकटपट्टीसुद्धा निघालेली नव्हती.

"घेतलं," ते म्हणाले. "जरा जळलंय."

"काय? कशानंही घासू नका! हात लावू नका! उद्याच्या पहिल्या गाडीनं निघते मी!"

फोन कट झाला. काका घाईघाईने स्टुलावर चढले, खोकं खाली काढलं, पातेलं शेगडीवर ठेवलं आणि आच मोठी केली.

मेलं जळेचना!