खैरमोड्यांचा हात, माझी शिवामूठ

आमच्या जिल्ह्यात रस्त्यावरच्या अपघाताची भरपाई पैशांत मिळत नाही. ज्याचा जो अवयव गेला, तोच अवयव धडक देणाऱ्याकडून घेऊन दिला जातो. पद्धत जुनी आहे आणि तिच्याबद्दल कोणाची तक्रार नाही. माझा उजवा हात गिरणीच्या वळणावर टेंपोखाली गेला, तेव्हा टेंपोचे चालक तुळजाराम खैरमोडे यांचा उजवा हात मला मंजूर झाला. न्यायाधिकरणाच्या शिपायाने तो ओल्या पंच्यात गुंडाळून घरी आणला आणि कोपराशी जुळवून दिला.

हात चांगला निघाला. थोडा मोठा होता, म्हणून कासाराकडून सर्वांत मोठ्या मापाच्या हिरव्या बांगड्या भरून घेतल्या. सवयी मात्र त्याच्या त्याला होत्या. अक्षता हातात घेतल्या की अंगठा तळव्यावर तंबाखू मळल्यासारखा फिरायचा.

सासूबाई म्हणाल्या, "अगं, अक्षता म्हणजे न मोडलेल्या. त्याला समजावून सांग जरा."

मी समजावलं. माणसाचा हात आहे, सांगितलं की शिकतो.

त्या वर्षी माझा लग्नानंतरचा पाचवा श्रावण होता. शिवामूठ पाच वर्षं वाहायची. श्रावणातल्या दर सोमवारी महादेवाला धान्याची एक मूठ, आणि तीही उजव्या हाताची. तांदूळ झाले, तीळ झाले, मूग झाले. फक्त जवाची मूठ राहिली होती. तेवढ्यात खैरमोड्यांनी हात परत मिळावा म्हणून अर्ज केला. हात गेला असता तर पाच वर्षांचं व्रत एका मुठीसाठी अपुरं राहिलं असतं. पण मला काळजी वाटली नाही. ज्या देवाचं व्रत आहे त्याला ते पुरं करून घेता येतं.

सुनावणीला खैरमोड्यांचे वकील दिघावकर उभे राहिले.

"रेणुकाबाई, पूजा झाली की याच हातावरून पाणी सोडता ना?"

"सोडते की."

"सोडताना काय म्हणता?"

"न मम."

"मराठीत सांगा."

"माझं नाही."

दिघावकर न्यायाधीश बाईंकडे वळले. "बाई दर सोमवारी, आंघोळ करून, देवासमोर कबूल करतात की हा हात त्यांचा नाही. यापेक्षा खरा जबाब मी कुठून आणू?"

मागच्या बाकावरून सासूबाई पुटपुटल्या, "तरी मी म्हणत होते, मनातल्या मनात म्हणत जा."

न्यायाधीश बाईंनी चष्मा पुसला. "खैरमोडे, तुमची अडचण काय?"

"डाव्या हाताने गिअर टाकला की स्टिअरिंग धरायला कोणी उरत नाही, बाई. आमच्या मंडळी शेजारी बसून धरतात. पण त्यांना वळणं आवडत नाहीत. त्या सरळच नेतात."

"कुठवर?"

"परवा भुसावळला पोचलो. माल जायचा होता बाजारात."

हे नोंदवलं गेलं. मग बाईंनी मला विचारलं, "तुमचं नाही म्हणता, तर कोणाचं म्हणून सोडता?"

"महादेवाचं."

"खैरमोडे, हरकत?"

"देवाला हरकत घेऊन कुठं जाऊ मी?"

दिघावकर उठले. "पण महादेवाला नोटीस बजावलेली नाही."

"दर सोमवारी बजावली जाते. तुम्हीच आत्ता सिद्ध केलंत," न्यायाधीश बाई म्हणाल्या, आणि त्यांनी निकाल सांगितला. हात महादेवाच्या देवस्थानचा. वहिवाट सोमवारी रेणुकाबाईंकडे, बाकीच्या वारी खैरमोड्यांकडे.

चौथ्या सोमवारी सकाळीच दाराशी टेंपो थांबला. खैरमोड्यांनी ओटीवर बसून हात काढला आणि डाव्या हाताने पुढे केला.

"घ्या वैनी. राखुंडीने घासून आणलाय. नखंही कापलीत."

मी बांगड्या भरल्या आणि देवळात गेले. जव निसरडे असतात, माझ्या स्वतःच्या मुठीतून दरवर्षी चार दाणे सांडायचे. या मुठीतून एक दाणा खाली पडला नाही. पाणी सोडलं, जे म्हणायचं ते मोठ्याने म्हटलं. सासूबाईंनी पिंडीला डोकं टेकलं आणि मला म्हणाल्या, "झालं गं बाई तुझं."

परत आले तेव्हा खैरमोडे चहा पीत बसले होते. वास्तविक हात संध्याकाळपर्यंत माझाच होता, पण त्यांना भाजी पोचवायची होती, म्हणून मी तो देऊन टाकला. त्यांनी कोपराशी बसवला, मूठ उघडून मिटून पाहिली.

"वकीलसाहेब म्हणतात, हात आता देवाचा. पुढं याच्यानं कोणाला लागलं, तर भरपाईला महादेवाचा हात द्यावा लागंल."

"बरोबरच आहे," मी म्हणाले.

ते टेंपोत चढले. गल्लीच्या तोंडाशी एक कोंबडी रस्त्यात उभी होती. खैरमोड्यांनी इंजिन बंद केलं आणि ती जाईपर्यंत थांबून राहिले.